गवई पडद्यावर गेला म्हणून काय बुडाले?

गवई दूरदर्शनवर गेला आणि गाणे बाटले, असे मानणारी एक जमात पुण्यात अजून टिकून आहे. तिची फिर्याद अशी: २ ऑक्टोबर १९७२ला मुंबई दूरदर्शन सुरू झाले, कलावंत कानांऐवजी डोळ्यांसाठी गाऊ लागले, बैठका ओस पडल्या आणि भोर-वेल्ह्यातली भजनी मंडळेही बसली.

भजनी मंडळांचे आधी पाहू. पुण्यासाठीचा प्रक्षेपक सिंहगडावर होता. दूरचित्रवाणीच्या लहरी साधारण सरळ रेषेत जातात. डोंगर आडवा आला की पडद्यावर मुंग्या. वेल्ह्याचा तोरणा १४०३ मीटर, म्हणजे सिंहगडाहूनही उंच. त्याच्या पाठीमागच्या वाड्यांत चित्र धड पोचणेच मुश्कील, तिथला पखवाज त्या चित्राने बुडवला म्हणे! तरणी पोरे कामधंद्यासाठी मुंबई-पुण्याला गेली, हे कारण आक्षेपकांना बहुधा पुरेसे कलात्मक वाटत नाही.

आता डोळ्यांचा आरोप. तो तर मोठा गमतीचा. मराठी रसिकाने गाणे नुसते ऐकले कधी? संगीत नाटकाला तो गाणे ‘बघायला’च जात होता. बालगंधर्वांच्या पदांइतकीच त्यांच्या शालूंची चर्चा होई. गोविंदराव टेंबे १९३२च्या ‘अयोध्येचा राजा’त स्वतः हरिश्चंद्र झाले, संगीतही त्यांचेच. खुद्द बालगंधर्व १९३५ला ‘धर्मात्मा’त एकनाथांच्या भूमिकेत उभे राहिले. तेव्हा कॅमेऱ्याने सूर नासला नाही. नासला तो थेट १९७२ला, तोही कृष्णधवल चित्रात! शिवाय चेहरा दिसल्याने ऐकण्यात व्यत्यय येतो म्हणणारे हेच सज्जन महोत्सवात पुढची खुर्ची मिळाली नाही की रुसतात.

सोवळ्याचा हा वाद जुनाच आहे. १९४०मध्ये नभोवाणीने पेटीला, म्हणजे हार्मोनियमला, बाहेर काढले आणि ती तीस वर्षे बाहेरच राहिली. त्या वेळीही कारण शुद्धतेचेच होते. भजनात मात्र पेटी वाजतच राहिली.

पडद्यावर गायला वेळ अपुरा, असेही म्हणतात; पण जुन्या तबकडीवर तीनच मिनिटे मिळत. बैठक ओस? १९५३ला सुरू झालेला सवाई गंधर्व महोत्सव दूरदर्शननंतरही वाढतच गेला. आणि दूरदर्शनवरच्या १९८८च्या ‘मिले सुर मेरा तुम्हारा’त भीमसेन जोशींनी सुरुवात केल्याने त्यांचा ख्याल उणा झाल्याचे ऐकिवात नाही.

पडद्याने दिले काय? ‘शब्दांच्या पलीकडले’सारख्या कार्यक्रमांतून गाण्यामागची माणसे घरात आली. शिवाय हात दिसले. तबल्याचा डावा कसा दाबतात, पेटीवर बोटे कशी सरकतात, हे रेडिओ दाखवू शकत नव्हता. चित्र पोचत होते तिथल्या, गुरू परवडत नसलेल्या पोराला तेवढेही पुष्कळ होते.