नाव चुकीचं म्हणे!

सासूबाईंचं नाव पद्मावती. वय ८२. परवा त्यांचा एक ऑनलाइन अर्ज भरायला बसले. 'नाव मराठीत लिहा' म्हणाले, लिहिलं. खाली तांबडी ओळ: 'कृपया योग्य नाव लिहा.' ऐका बायांनो! जन्मभर ज्या नावानं हाक मारली, ते अयोग्य?

लेकानं उलगडून सांगितलं. नावात फक्त अक्षरंच चालतील, असा साचा प्रोग्रामर घालून ठेवतात. रेग्युलर एक्स्प्रेशन म्हणतात त्याला. आणि युनिकोडच्या हिशेबात काना, मात्रा, वेलांटी, पाय मोडल्याची खूण ही अक्षरं नव्हेतच, ती जोडचिन्हं! म्हणजे 'कमल' पास, 'पद्मावती' नापास. 'कखगघ' लिहा, बिनबोभाट पास. मग ही चाळणी पकडते तरी कुणाला?

इंग्रजीत लिहिलं तरी सुटका नाही. आपल्या सदलग्याचे प्राकृत पंडित आ. ने. उपाध्ये इंग्रजीत 'ए. एन.' लिहीत, तसली टिंबं कित्येक अर्जांना खपत नाहीत. गोव्याच्या डिसोझांचा अपॉस्ट्रॉफी खपत नाही. आर्यिका माताजी दीक्षेत आडनाव सोडतात, आणि अर्ज म्हणतो, 'आडनाव आवश्यक'. त्यागलेलं परत कुठून आणायचं?

एक लांब रकाना ठेवा, तो रिकामा नाही ना एवढं बघा. बास. माणूस आपलं नाव तुमच्यापेक्षा बरं जाणतो.

मी शेवटी काय केलं? काना-वेलांटी काढून 'पदमवत' लिहिलं. अर्ज लगेच पुढं सरकला. आता कार्डावर तेच छापून येईल. सासूबाईंना अजून सांगितलेलं नाही.