आवक

बाजार समितीच्या फलकावर आपण रोज ‘आवक’ हा शब्द वाचतो. मणी कौल यांच्या एका लघुपटाचे नाव तेच आहे, इंग्रजीत: ‘अरायव्हल’. 1980 साली फिल्म्स डिव्हिजनने तो काढला. लांबी जेमतेम वीस मिनिटे. मुंबईच्या रस्त्यांवरील नित्याचे जीवन दाखविणारे चित्रपट थोडे नाहीत, परंतु व्यापारी कुटुंबांनी आवर्जून पाहावा असा हा आहे.

जुन्या वाचकांना स्मरत असेल, मुख्य खेळापूर्वी याच संस्थेचा अनुबोधपट दाखविण्याचे बंधन चित्रपटगृहांवर होते. धरणे, कुटुंबनियोजन, आणि वर निवेदकाचा तो भारदस्त आवाज! (तेवढ्यात शेंगदाणे आणण्यास पुष्कळजण बाहेर जात.) कौल यांनी नेमका तो आवाजच काढून टाकला. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये ते ऋत्विक घटक यांचे विद्यार्थी होते; मात्र कथा सांगण्यापेक्षा प्रेक्षकास पाहावयास लावणे, हा त्यांचा स्वतःचा मार्ग.

शहरात भाजी येते, फळे येतात, फुले येतात, शेळ्यामेंढ्या येतात, आणि कामाच्या शोधात माणसेही येतात. माल उतरतो, डोक्यावर चढतो, गर्दीतून वाट काढतो. माल व माणूस यांची दृश्ये अशी एकाशेजारी एक ठेवली आहेत की, या नगरीने नेमके काय खरेदी केले, असा प्रश्न पडावा. कत्तलखान्याची दृश्येही आहेत. आपल्या घरांत ती पाहवणार नाहीत आणि मुलांना दाखवूही नयेत. परंतु ती वगळली तर चित्रपटाचा आरोपच नाहीसा होतो, म्हणून दिग्दर्शकास मी दोष देणार नाही.

बँकेत मालतारण कर्जाच्या पत्रकात पोती, वजन, दर, मार्जिन असे रकाने असत; माल वाहणाऱ्यास रकाना नव्हता. आडतीच्या हिशेबपट्टीत तो ‘हमाली’ या आकड्यापुरता असतो. अण्णासाहेब पाटील यांच्या चळवळीनंतर 1969 साली माथाडी कायदा झाला, हमालाची नोंद होऊ लागली. कौल यांचा कॅमेरा मात्र त्याच्या मानेवर, खांद्यावर, विश्रांतीच्या क्षणावर थांबतो. तेवढे थांबणे कायद्याला कसे जमावे?

केडगावकरांना हे दूरचे वाटण्याचे कारण नाही. शेजारच्या नेप्ती उपबाजारात भरलेली कांद्याची गोणी जिथे उतरते, ते प्रवासाचे टोक या चित्रपटात आहे. घाऊक बाजार पुढे नवी मुंबईत हलले, गोणी अजून पाठीवरूनच उतरते.

आपल्या नगरच्या आडते बाजाराचे, दाळमंडईचे असे वीस मिनिटांचे चित्रण एखाद्या तरुणाने मोबाईलवरही करावे. हमाल बांधवांना आधी विचारावे, आणि निवेदन घालण्याचा मोह आवरावा.