अल्गोरिदमवर खापर फोडू नका

‘गडचिरोलीला बदली करीन!’ हे वाक्य तुम्ही किती मराठी सिनेमांत ऐकलंय? मंत्री चिडला की टेबलावर हात आपटून हेच म्हणतो. समोरचा प्रामाणिक इन्स्पेक्टर मान ताठ ठेवून ‘करा’ म्हणतो आणि थिएटरात शिट्ट्या पडतात. ऑगस्ट १९८२ मध्ये चंद्रपूरमधून वेगळा काढलेला, २०११ च्या जनगणनेत दहा लाखांहून जास्त लोकसंख्या असलेला एक आख्खा जिल्हा पडद्यावर येतो तो शिक्षा म्हणून. मी वडशाचा. आमच्याकडची माणसं त्या शिक्षेच्या ठिकाणी जन्मतात, धान लावतात, लग्नं करतात, दिवाळीनंतर रात्र-रात्रभर नाटकं बघतात. पण ते राहू द्या.

मी पुण्यात एका बातम्यांच्या ॲपवर काम करतो. तुमच्या फोनवर कोणती बातमी वर यावी आणि कोणती कधीच येऊ नये, हे ठरवणारा कोड लिहिणाऱ्यांपैकी मी एक. गडचिरोलीच्या बातम्यांचा विषय काढला की टीममधलं ठरलेलं उत्तर येतं: ‘अरे, अल्गोरिदम आहे तो. लोक जे बघतात तेच दाखवतो.’ मराठी विचारवंतांचं उत्तर याच्या उलटं वाटतं, पण आहे तेच: ‘अल्गोरिदमनं पत्रकारितेची वाट लावली.’ एकाला त्यातून सुटका मिळते, दुसऱ्याला लेखाचा विषय. दोघांचाही मुद्दा मला पटत नाही. फीड म्हणजे चाळणी. चाळणीत काय ओतलं जातंय ते बघा ना आधी.

ओतलं जातं ते असं. दुर्गम भागात काही घडलं की पहिला मजकूर येतो पोलिसांच्या प्रेसनोटचा. चांगल्या मराठीत, फोटोसकट, वेळेत. डेस्कवरच्या माणसाला रात्री अकराला पान लावायचं असतं आणि घटनास्थळ रस्ता संपल्यावर आणखी पुढे जंगलात असतं. प्रेसनोट जशीच्या तशी जाते, फक्त ‘आमच्या प्रतिनिधीकडून’ एवढं वर चिकटतं. सकाळी तीच बारा पोर्टलांवर आणि चार चॅनेलांवर दिसते. आमच्या सिस्टीमला वाटतं, एवढ्या ठिकाणी आहे म्हणजे मोठी बातमी आहे. मुळात स्रोत एकच असतो, पण मशीन त्याला सोळा समजतं.

२२ एप्रिल २०१८ ला इंद्रावतीच्या काठी बोरिया-कसनासूर परिसरात चकमक झाली. पहिल्या दिवशी १६ नक्षलवादी ठार झाल्याचं सांगितलं गेलं. मग नदीतून मृतदेह निघत गेले आणि लगतच्या दुसऱ्या एका चकमकीसह आकडा ४० झाला. त्यानंतर गट्टेपल्ली गावातले लोक पुढे आले. आमची आठ मुलं लग्नाला म्हणून गेली होती, ती परत आली नाहीत, असं त्यांचं म्हणणं. पोलिसांचं म्हणणं, ती नुकतीच दलममध्ये भरती झाली होती. यातलं खरं काय, हे या लेखातून ठरणार नाही. मला दिसतं ते इतकंच, की ४० चा आकडा देशभर गेला, मोठ्या टायपात गेला. आणि गट्टेपल्लीचा प्रश्न मुख्यतः सत्यशोधन समित्यांच्या अहवालांत आणि मोजक्या वेबसाइटांवर राहिला. त्या वर्षी फीड कुणी बिघडवला होता? कुणीच नाही. गट्टेपल्लीकडे प्रेसनोट काढणारं कार्यालय नव्हतं, एवढंच.

कुणी म्हणेल, म्हणजे तू नक्षलवाद्यांच्या बाजूचा. हा आरोपही याच व्यवस्थेतून येतो, म्हणून त्याचं उत्तर देतो. माओवाद्यांनीही हेच केलं. ‘पोलिसांचा खबऱ्या’ ठरवून गावकऱ्याला मारायचं आणि शेजारी पत्रक टाकायचं. ती त्यांची प्रेसनोट. मेलेल्या माणसाला त्यात उत्तर द्यायची सोय नसे. १ मे २०१९ ला जांभुळखेड्याजवळच्या स्फोटात १५ पोलीस आणि त्यांच्या गाडीचा चालक मारले गेले, तेव्हाही आपण तिरंग्यातल्या शवपेट्या बघितल्या आणि दोन दिवसांनी विसरलो. सी-६० पथकात इथलीच, बरीचशी आदिवासी घरांतली मुलं जातात. ती का जातात, घरी काय पाठवतात, रात्री त्यांना काय भीती वाटते, हे मराठी माध्यमांत मी क्वचितच वाचलंय. बंदूक कुणाच्याही हातात असो, कागद काढणारा तिसराच असतो.

आता पैशांचं. तालुक्याच्या वार्ताहराला बहुतेक ठिकाणी पगार नसतो. असलंच तर नावापुरतं मानधन. त्याची कमाई जाहिरातीच्या कमिशनवर. नेत्याचा वाढदिवस, १५ ऑगस्ट, दिवाळी हे त्याचे सुगीचे दिवस. आता एटापल्ली किंवा अहेरीसारख्या ठिकाणी जाहिरात देऊ शकणारे कोण, हे बोटांवर मोजा: आमदार-खासदार आणि त्यांचे इच्छुक, रस्त्यांचे ठेकेदार, खाण, सरकार. ज्यांच्याबद्दल प्रश्न विचारायचे नेमकी तीच यादी. दोन-पाच रुपयांच्या पेपरातून कागदाचाही खर्च निघत नाही, म्हणजे वाचक हा गिऱ्हाईक नाहीच. ॲपवर तर तुम्ही तेवढेही देत नाही. आमच्या झाडीपट्टीच्या नाटकाचा हिशेब बघा, तिकीट काढून माणूस पहाटेपर्यंत बसतो, त्यामुळे त्याला कंटाळा आला तर मंडळाला लगेच कळतं. (तिथंही पोस्टरवर उद्घाटक, सहउद्घाटक, अध्यक्ष, विशेष अतिथी अशी नेत्यांची इतकी नावं असतात की नाटकाचं नाव शोधावं लागतं. पण निदान नाटक सुरू झाल्यावर ते खुर्चीत गप्प असतात.)

आणि हे सगळं स्मार्टफोनच्या आधीचं आहे. २००९ ची विधानसभा निवडणूक आठवत नसेल, तुमच्यातले बरेच तेव्हा शाळेत होते, मीही होतो. पी. साईनाथ यांनी ‘द हिंदू’त दाखवून दिलं की एकमेकांचे स्पर्धक असलेल्या मराठी दैनिकांत तेव्हाचे मुख्यमंत्री अशोक चव्हाण यांचं कौतुक करणारा मजकूर शब्दशः सारखा छापून आला होता. चव्हाणांनी पैसे दिल्याचं नाकारलं. प्रेस कौन्सिलने ‘पेड न्यूज’वर चौकशी समिती नेमली, तिच्या अहवालाचं काय झालं ती वेगळी करुण कथा. तेव्हा कुठला अल्गोरिदम होता?

सुरजागडकडे या. एटापल्ली तालुक्यातल्या या डोंगरात उत्तम प्रतीचं लोहखनिज आहे. लॉइड्स मेटल्सला २००७ मध्ये सुमारे ३४८ हेक्टरांचा पट्टा मिळाला. २०१६ च्या डिसेंबरमध्ये माओवाद्यांनी तिथले सत्तरहून जास्त ट्रक जाळले. ते फोटो तुम्ही नक्की बघितले असतील, आग चांगली दिसते. २०२१ पासून खाण जोरात सुरू झाली. ऑक्टोबर २०२२ मध्ये उत्खनन वाढवण्यासाठी जनसुनावणी झाली. कुठे? डोंगराजवळच्या गावांत नाही, तिथून शंभर किलोमीटरहून दूर, गडचिरोलीत. मार्च २०२३ पासून तोडगट्टा इथं आसपासच्या कित्येक गावांचे लोक नव्या खाणींविरोधात ठाण मांडून बसले. झोपड्या बांधून, आळीपाळीने स्वयंपाक करून, उन्हाळा-पावसाळा काढून आठ महिने. नोव्हेंबरमध्ये पोलिसांनी ते उठवलं. २०२५ मध्ये त्याच परिसरात ९०० हेक्टरांहून जास्त वनजमीन आणि लाखाहून जास्त झाडांचा प्रश्न असलेल्या प्रकल्पाला केंद्राची तत्त्वतः मंजुरी मिळाली.

तोडगट्ट्याचं नाव तुम्ही आज पहिल्यांदा वाचत असाल तर त्यात तुमची चूक नाही. त्याच काळात तुम्ही ‘गडचिरोली होणार देशाचं स्टील हब’ हे मात्र दहा वेळा वाचलंय.

माझा मावसभाऊ या पट्ट्यात ठेकेदाराकडे ट्रक चालवतो. खाण नको असं तो म्हणत नाही, पगार वेळेवर येतो म्हणतो. खाणीच्या बाजूचे मुद्दे मला पाठ आहेत आणि त्यातले काही खरेही आहेत. १ जानेवारी २०२५ ला मुख्यमंत्र्यांनी अहेरी-गर्देवाडा एसटी सुरू केली, ती बस खरीच आहे आणि ती हवीच होती. ऑक्टोबर २०२५ मध्ये भूपतीने आपल्या साठेक साथीदारांसह गडचिरोलीत शस्त्रं ठेवली, तीही मोठी बातमी होती. पण बघा, पूर्वी खाणीवर प्रश्न विचारणाऱ्याला ‘नक्षल समर्थक’ म्हणत. आता नक्षलवाद संपत आला म्हणतात, तर त्याच माणसाला ‘विकासविरोधी’ म्हणतात. दोन्ही शब्द मुंबईत तयार होतात आणि एटापल्लीत वापरले जातात. जुलै २०२५ मध्ये विधिमंडळाने जनसुरक्षा विधेयक मंजूर केल्यावर तर मानधनावरच्या वार्ताहराने कशासाठी धोका पत्करायचा? इंद्रावतीच्या पलीकडे, बिजापुरात, मुकेश चंद्राकर या तरुण पत्रकाराने रस्त्याच्या कामातला भ्रष्टाचार दाखवला. जानेवारी २०२५ च्या सुरुवातीला त्याचा मृतदेह सेप्टिक टँकमध्ये सापडला. नदी एवढीशीच आहे.

चंद्रपूरची गोष्ट वेगळी वाटेल, कारण तिथं वाघ आहे. २००९ च्या केंद्रीय यादीत हे शहर देशातल्या सर्वाधिक प्रदूषित औद्योगिक क्षेत्रांत चौथं होतं, पण राखेचं रील कोण बघणार. वाघाचं बघतात. नोव्हेंबर २०२४ मध्ये ताडोबाची झीनत नावाची वाघीण ओडिशाच्या सिमिलिपालला नेली. ती तिथून निघून झारखंड, बंगाल फिरली आणि आपण रोज तिचा ठावठिकाणा वाचला. मे २०२५ मध्ये सिंदेवाही तालुक्यात तेंदूपत्ता तोडायला गेलेल्या तीन महिलांचा एकाच दिवशी वाघाच्या हल्ल्यात मृत्यू झाला. पेपरांनी त्यांची नावं, वयं छापली, हे मान्य. पण पुढचा प्रश्न छापला नाही: वाघ आहे हे माहीत असताना बायका पहाटे त्या जंगलात का जातात? त्या हंगामाच्या मजुरीवर वर्षाचा कुठला खर्च चालतो? सफारीच्या जिप्सीत दहा मोठ्या लेन्सा असतात, तेंदूच्या फळीवर एकही नाही. लोकांना वाघ आवडतो हे खरं, पण लोकांसमोर ठेवलाय कुणाचा कॅमेरा?

आणि आता सरकारला आमचंच काम करायचंय. मार्च २०२५ मध्ये राज्य सरकारने माध्यमांवर लक्ष ठेवणाऱ्या केंद्रासाठी सुमारे १० कोटी रुपये मंजूर केले. छापील, टीव्ही, डिजिटल अशा सगळ्या बातम्या सकाळी आठ ते रात्री दहा गोळा करायच्या आणि त्या सकारात्मक की नकारात्मक अशी वर्गवारी करायची. याला आमच्या धंद्यात सेंटिमेंट म्हणतात. कॉलेजमधल्या मुलांना शिकताना सिनेमाच्या परीक्षणांवर करायला देतात तो प्रकार. बातमीवर तो लावला की काय होतं सांगतो. ‘वाघाच्या हल्ल्यात महिला ठार’ नकारात्मक. ‘मृत महिलेच्या वारसांना वनमंत्र्यांच्या हस्ते धनादेश’ सकारात्मक. बाई तीच. अधिकाऱ्याच्या टेबलावर लाल आणि हिरवा आलेख जाणार, आणि लाल जास्त असलेल्या पेपराला पुढच्या जाहिरातीच्या वेळी काय वाटेल हे कळायला मशीन लर्निंग लागत नाही.

या सगळ्यात माडिया बोलणारा माणूस कुठे आहे? आमच्या सिस्टीमपुरतं सांगतो. बातमी आली की आधी तिची भाषा ओळखली जाते. देवनागरीत लिहिलेली माडिया कधी मराठी ठरते, कधी हिंदी, बहुतेकदा ‘अज्ञात’. ‘अज्ञात’ पुढे जात नाही. भावाच्या ड्रायव्हर लोकांचा एक व्हॉट्सॲप ग्रुप आहे. पर्लकोटेला पूर येऊन भामरागड तुटलं, कुठल्या पुलावर पाणी आहे, आलापल्लीच्या रस्त्यावर कुठे ट्रक उलटला, कोण जखमी, हे सगळं त्यावर मिनिटांत येतं. मराठी, हिंदी, माडिया, तेलुगू मिसळलेले आवाजी मेसेज. खोटं पसरवलं तर दुसऱ्या दिवशी धाब्यावर तोंड दाखवावं लागतं, म्हणून बहुधा खरं. या भागातलं इतकं ताजं आणि पडताळलेलं वार्तांकन मला दुसरीकडे मिळालेलं नाही, आणि आमच्या ॲपच्या दृष्टीने ते अस्तित्वातच नाही.

मेंढा-लेखाचं उदाहरण लोक मला देतात. २००९ मध्ये या गावाला सुमारे १८०० हेक्टर जंगलावर सामूहिक हक्क मिळाला, तो तर सगळीकडे छापून आला की. आला. पण हक्क मिळूनही स्वतःचा बांबू विकायला वाहतूक परवाना मिळेना म्हणून गाव झगडत होतं, आणि देशाचे कॅमेरे आले ते एप्रिल २०११ मध्ये केंद्रीय मंत्री जयराम रमेश तो परवाना द्यायला आले तेव्हा. मंत्र्यांच्या गाडीमागून बातमी आली.

मी टीममध्ये एक साधा प्रस्ताव ठेवला होता. प्रत्येक बातमीखाली एक ओळ दाखवायची: हा मजकूर कुठून आला. प्रेसनोट, जाहिरातदार, की वार्ताहर तिथं जाऊन आला. मजकुरांची तुलना करून प्रेसनोट ओळखणं अवघड नाही, दोन आठवड्यांचं काम आहे. डेमो सगळ्यांना आवडला. मग वरून निरोप आला की यानं कंटेंट पार्टनर नाराज होतील. कुठले पार्टनर, असं मी मेलवर विचारलं आहे. उत्तर आलेलं नाही. प्रस्ताव बॅकलॉगमध्ये पडून आहे, पुढच्या तिमाहीच्या प्लॅनिंगमध्ये मी तो पुन्हा वर काढणार आहे.