शॅननकाठची खबरबात: नंबर एक कुणाला?

मंडळी, फराळाचं ताट पुढ्यात घेऊन वाचा, कारण यंदा विषय जरा कोरडा आहे. निवडणुकीचा.

२०२४च्या मे महिन्यात, ७ जूनच्या स्थानिक निवडणुकीआधी, आमच्या दारात एक उमेदवार आले. कोट भिजलेला, हातात पत्रकं. म्हणाले, "मला नंबर एक द्या." दोन दिवसांनी त्याच पक्षाचे दुसरे गृहस्थ आले. त्यांनाही नंबर एकच हवा होता. मी म्हटलं, "अहो, तुमच्याच पक्षाचे येऊन गेले की!" ते हसले, आवाज खाली आणला आणि म्हणाले, "माणूस चांगला आहे. त्यांना नंबर दोन द्या."

इथे पसंतीक्रमानं मतदान होतं आणि एका मतदारसंघातून अनेक जण निवडून जातात. त्यामुळे खरी स्पर्धा बऱ्याचदा घरातल्या घरातच असते. आपल्या क्लेअरचंच बघा. टिमी डूली २००७पासून फिअना फॉलचे टीडी. २०२०मध्ये त्यांची जागा गेली आणि त्याच पक्षाचे काहल क्रो निवडून आले. डूली मग शॅनडमध्ये, म्हणजे इथल्या वरिष्ठ सभागृहात गेले. २०२४च्या नोव्हेंबरात दोघंही टीडी झाले, आणि त्यांच्याबरोबर आपल्या शॅननच्या डॉना मॅकगेटिगनही. (शॅनन आणि शॅनड यांत माझ्या आईचा हमखास घोटाळा होतो. फोनवर ती विचारते, "तुमच्या गावात सारख्या कसल्या गं निवडणुका?")

हा प्रकार आपल्याला नवा वाटायचं कारण नाही. महाराष्ट्राच्या विधान परिषदेत आमदार मत देतात तेही याच पद्धतीनं, एक, दोन, तीन असे आकडे घालून. २० जून २०२२ आठवतं? जागा दहा, उमेदवार अकरा. काँग्रेसचे आमदार ४४ आणि निवडून यायला साधारण २६ मतं लागणार. तरी पक्षानं दोन उमेदवार दिले, चंद्रकांत हांडोरे आणि भाई जगताप. पक्षाची पहिली पसंती हांडोरेंना होती. निकाल लागला तेव्हा जगताप आत आणि हांडोरे बाहेर! मतदान गुप्त, त्यामुळे कुणी काय केलं ते ज्याचं त्याला ठाऊक. त्याच रात्री एकनाथ शिंदे सुरतेकडे निघाले आणि हांडोरेंची गोष्ट बातम्यांत मागे पडली. २०२४मध्ये ते राज्यसभेवर बिनविरोध गेले, ही त्यातल्या त्यात भरपाई.

शॅनडचं मतदान असंच, फक्त टपालानं. ६० जागांपैकी ११ जण पंतप्रधान नेमतात. (आपल्या राज्यसभेतले १२ नियुक्त खासदार ही कल्पना घटनाकारांनी आयर्लंडकडूनच घेतली.) सहा विद्यापीठांच्या जागा. उरलेल्या ४३ जणांना निवडतात ते देशभरातले ९४९ काउन्सिलर, शिवाय टीडी आणि मावळते सिनेटर. म्हणून उमेदवार डोनेगलपासून केरीपर्यंत गाडी हाकत काउन्सिलरांच्या स्वयंपाकघरात चहा पीत फिरतात. पक्ष एकच असला तरी प्रत्येकाला नंबर एक स्वतःसाठीच मागावा लागतो.

आता आपल्या कामाचं. काउन्सिलर निवडायला आयरिश नागरिकत्व लागत नाही. इथे राहणाऱ्या, अठरा वर्षांवरच्या कुणालाही स्थानिक निवडणुकीत मत देता येतं, भारतीय पासपोर्ट असला तरी. मंडळाच्या गणपतीत मी सहज विचारलं, तर निम्म्या लोकांना हे माहीतच नव्हतं, आणि त्यातले दोघे इथे पंधरा वर्षं आहेत! क्लेअर काउंटी काउन्सिलच्या २८ काउन्सिलरांपैकी सात आपल्या शॅनन भागातून जातात. आपण त्यांना निवडतो, ते सिनेटर निवडतात. यादीत नाव नसेल, तर त्या साखळीत आपण कुठेच नाही.

आणि मुलांनो, तुमच्यासाठी. विद्यापीठांच्या त्या सहा जागांवर आजवर फक्त ट्रिनिटी आणि नॅशनल युनिव्हर्सिटीच्या पदवीधरांना मत होतं. लिमरिकच्या पदवीधरांना नाही. घटनेत १९७९मध्येच दुरुस्ती झाली होती, पण कायदा काही बदलला नाही. शेवटी टोमास हेनेहन हा लिमरिकचाच पदवीधर कोर्टात गेला आणि २०२३मध्ये सुप्रीम कोर्टात जिंकला. २०२४च्या नव्या कायद्यानं सगळ्या उच्च शिक्षणाचा एकच मतदारसंघ केला. जानेवारी २०२५मधली निवडणूक जुन्याच पद्धतीनं झाली, पुढची नव्या पद्धतीनं होईल. त्यासाठी आयरिश नागरिकत्व मात्र हवं, आणि नाव आपणहून नोंदवावं लागतं.

आमची लेक लिमरिकची पदवीधर. हे ऐकल्यावर पहिला प्रश्न तिचा, "आई, म्हणजे मला मत आहे आणि तुला नाही?" माझी पदवी पुण्याची, त्यामुळे नाही. तिचे बाबा लगेच म्हणाले, "नंबर एक कुणाला द्यायचा ते मी सांगतो." ती चिवड्यातले शेंगदाणे वेचत म्हणाली, "बाबा, मतदान गुप्त असतं."