पाहिले ते लिहिले

२५ ऑक्टोबर १८५४. क्रिमियातल्या बालाक्लाव्हाच्या खोऱ्यात एका घोटाळ्याच्या हुकुमापायी इंग्रजांचे घोडदळ थेट रशियन तोफांवर चालून गेले आणि काही मिनिटांत त्याची धूळधाण उडाली. टेकडीवरून हे पाहत होता लंडनच्या ‘टाइम्स’चा बातमीदार विल्यम हॉवर्ड रसेल. त्याचे पत्र छापून आले १४ नोव्हेंबरला. घरबसल्या इंग्लंडने लढाई वाचली ती अशी, वीस दिवसांनी.

यंदाचा अंक बातमीदारांना वाहिलेला आहे, आणि त्याच्या दाराशी रसेललाच उभे करावे असे आम्हाला मनापासून वाटले.

डब्लिनजवळ १८२० मध्ये जन्मलेल्या या माणसाला सेनापती लॉर्ड रॅग्लनने छावणीत थारा दिला नाही. सैनिक कॉलऱ्याने मरत होते, थंडीत अंगावर धड कपडे नव्हते. हे लिहू की गप्प बसू, असे त्याने संपादक डिलेनला विचारले. डिलेनने छापले, आणि छापले नाही ते मंत्र्यांना दाखवले. जानेवारी १८५५ अखेर पंतप्रधान अॅबरडीनचे सरकार कोसळले. (जखमी सैनिकांच्या स्कुटारीतल्या इस्पितळाची दैना प्रथम उघडी केली ती मात्र ‘टाइम्स’च्याच थॉमस चेनरीने. ते श्रेय रसेलच्या नावावर चढते, आणि चेनरीवर अन्याय होतो.)

क्रिमियातच त्याच्या तंबूत एक पाहुणा आला होता, अजिमुल्लाखान. नानासाहेब पेशव्यांच्या तनख्यासाठी लंडनमध्ये खेटे घालून रिकाम्या हाताने परतणारा त्यांचा वकील. इंग्रजांची फजिती त्याला डोळ्यांनी पाहायची होती. पुढे १८५७ च्या बंडात कानपूर पेटले, आणि १८५८ च्या जानेवारीत रसेल स्वतःच कलकत्त्याला उतरला.

इथे आल्यावर बंडवाल्यांच्या अत्याचारांच्या कितीतरी कहाण्यांना पुरावाच नसल्याचे त्याला आढळले. उलट इंग्रज सेनाधिकारी रेनॉडच्या तुकडीबरोबर गेलेल्या एका अधिकाऱ्याकडून त्याने ऐकले, ते रोजनिशीत उतरवले : दोन दिवसांत रस्त्याच्या कडेला ४२ माणसे फासावर लटकवली. त्यांखेरीज बाराजणांना मारले, कारण फौज समोर आली तेव्हा त्यांची तोंडे दुसऱ्या बाजूला होती. बस, एवढाच गुन्हा. आपल्याच लोकांविरुद्धचा हा मजकूर त्याने १८६० मध्ये स्वतःच्या नावाने पुस्तकात छापला.

तो साम्राज्याचाच माणूस होता, हे झाकायचे कारण नाही. मार्चमध्ये लखनौचा कैसरबाग लुटला जात असताना एका शिपायाने त्याला जडावाचा हार रोख शंभर रुपयांत देऊ केला. रसेलच्या खिशात पैसे नव्हते म्हणून सौदा हुकला, आणि हेही त्यानेच लिहून ठेवले. आमच्या लेखी त्याची खरी योग्यता इथे दिसते. जो स्वतःची हाव लपवत नाही, त्याच्या त्या बारा माणसांवर विश्वास ठेवता येतो. १८६१ मध्ये अमेरिकेतल्या यादवी युद्धात बुल रनच्या लढाईतली उत्तरेच्या फौजेची पळापळ त्याने अशीच लिहिली, तेव्हा तिथले लोक इतके खवळले की पुढच्या वर्षी त्याला परतावे लागले.

पण त्या बाराजणांची नावे रसेललाही ठाऊक नव्हती. ती सांगू शकणारे आपल्याकडचे होते, आणि त्यांतल्या फारच थोड्यांनी लिहिले. रसेल लखनौच्या वेढ्यात होता त्याच मार्चमध्ये झाशीच्या वेढ्यात वरसईचे विष्णुभट गोडसे अडकले होते. दक्षिणेच्या आशेने उत्तरेत गेलेला कोकणातला गरीब भिक्षुक. त्यांनी शहराची कत्तल आतून पाहिली. इतिहासकार चिंतामणराव वैद्यांच्या आग्रहावरून १८८३ मध्ये ती लिहिली, आणि ‘माझा प्रवास’ छापून निघाला १९०७ मध्ये. रसेल वारला तेही १९०७ सालीच. एकाची हकिकत दोन वर्षांत पुस्तकरूपाने आली, दुसऱ्याची यायला जवळजवळ पन्नास वर्षे लागली. वैद्य पाठीशी लागले नसते तर तीही गोडसे भटजींबरोबरच गेली असती.

म्हणून वाचकहो, एक कळकळीची विनंती. दिवाळीच्या आवराआवरीत माळ्यावरची ट्रंक उघडाल, तेव्हा पणजोबांच्या वह्या, आजीची पत्रे, मोडीतले कागद रद्दीत घालू नका. वाचता येत नसतील तर मोडी जाणणाऱ्या कोणाला दाखवा, नाहीतर जवळच्या ग्रंथसंग्रहालयात किंवा इतिहास संशोधक मंडळात नेऊन द्या.