आमचे बारा आकडे कोणाच्या भरवशावर?

भारतीय विशिष्ट ओळख प्राधिकरणाच्या अधिकाऱ्यांना,



२९ सप्टेंबर २०१० ला नंदुरबारच्या टेंभलीत पंतप्रधानांच्या उपस्थितीत पहिली आधार कार्डं दिली गेली. ज्याच्याजवळ कसलाच कागद नाही त्यालाही आता ओळख मिळेल, असं तेव्हा सांगितलं होतंत. आम्ही ते खरं मानलं. आमच्या हिंगोली जिल्ह्यातल्या सेनगाव, औंढा, कळमनुरीची माणसं रोज पाडून रांगेत उभी राहिली. दहाही बोटं दिली, डोळे दिले. पुढे याचं काय करणार, असं कोणी विचारलं नाही. मागणारं सरकार होतं, तेवढं पुरलं.

त्या विश्वासाचं तुम्ही काय केलंत?

मार्च २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयात सांगितलं गेलं की आमची माहिती १३ फूट उंच आणि ५ फूट जाड भिंतींच्या आड आहे. असेल. पण आमच्या आधारची झेरॉक्स कोणत्या भिंतीआड आहे?

पीकविम्याच्या दिवसांत इकडच्या एखाद्या सेवा केंद्रात तासभर बसून बघा. टेबलावर सातबारा, पासबुक आणि आधारच्या प्रतींचे गठ्ठे. प्रत काळी आली की चुरगाळून खाली टाकायची, दुसरी काढायची. गर्दी वाढली की केंद्रवाला म्हणतो, "कार्ड व्हॉट्सॲपला टाका, रात्री भरतो." कार्डाचा फोटो मग त्याच्या मोबाइलमध्ये पडून राहतो. मी त्या पोराला दोष देत नाही. काम झाल्यावर तो फोटो पुसायचा असतो, हे त्याला तुमच्यापैकी कोणी कधी समजावलं?

पहिले आठ आकडे झाकलेलं आधार तुम्हीच काढलंत. मूळ क्रमांकाऐवजी देता येईल असा १६ आकडी आभासी क्रमांकही २०१८ ला तुम्हीच आणलात. सोय चांगली होती, मग ती आमच्या गावापर्यंत का पोचली नाही? झाकलेलं कार्ड पुढे केलं की उत्तर ठरलेलं: "हे चालत नाही, पूर्ण नंबरचं आणा." काउंटरवरच्या माणसाला नियम कोणी सांगायचा? निराधार योजनेच्या पगारासाठी सकाळपासून ताटकळलेल्या म्हातारीनं?

२७ मे २०२२ ची सूचना आठवते ना? आधारची प्रत कुणालाही देऊ नका, गैरवापर होऊ शकतो, झाकलेलं कार्ड द्या, असं तुमच्याच बंगळुरूच्या कार्यालयानं सांगितलं. आम्हाला वाटलं, चला, कोणीतरी बोललं. दोन दिवसांत केंद्र सरकारनं ती मागे घेतली. लोकांचा गैरसमज होईल म्हणे. त्याऐवजी काय, तर नेहमीचं तारतम्य ठेवून कार्ड वापरा.

तारतम्य कोणी ठेवायचं? हळद शिजवून, वाळवून ज्या बाईच्या बोटांच्या रेषा झिजल्या, तिचा अंगठा मशीनवर एका वेळी लागत नाही. पदराला पुसून ती पुन्हा ठेवते. खात्यातले पैसे काढतानाही "लागला नाही, परत ठेवा" म्हटलं की मुकाट्यानं परत ठेवते. पहिल्या वेळी खरंच लागला नव्हता, की पैसे निघाले होते, हे तिनं कशावरून ओळखायचं? एटीएमचा पिन बदलता येतो. अंगठा कुठून बदलून आणायचा?

आधार क्रमांक चारचौघांत प्रसिद्ध करायचा नाही, असं २०१६ च्या कायद्याचं २९ वं कलम सांगतं. तरी दोनशेहून अधिक सरकारी संकेतस्थळांवर लाभार्थ्यांचे क्रमांक झळकले होते, हे २०१७ मध्ये माहिती अधिकारात तुम्हीच कबूल केलंत. ते तिथून काढले म्हणालात. ज्यांचे होते, त्यांना कळवलंत का? आणि हा कायदा मोडला तर कोर्टात तक्रार करायचा हक्कही आधी तुमच्याचकडे ठेवला होता. आमचा क्रमांक, आमचं नुकसान, पण फिर्याद तुमची! तो हक्क आम्हाला मिळायला २०१९ ची दुरुस्ती व्हावी लागली.

आधार क्रमांक चारचौघांत न आणता काम जमण्यासारखं नाही, असं तर म्हणूच नका. २०२० च्या कर्जमुक्तीच्या याद्या आमच्या चावड्यांवर लागल्या, तेव्हा प्रत्येक कर्जखात्याला वेगळा विशिष्ट क्रमांक दिलेला होता. तो घेऊन जायचं आणि केंद्रात आधार पटवायचं. राज्य सरकारला जे सुचलं, ते तुम्हाला का सुचू नये?

आम्ही आधार नको म्हणत नाही. रेशन त्यावर आहे, अनुदान त्यावर आहे. नको म्हणायची सोयच उरलेली नाही. म्हणून तर तुमची जबाबदारी जास्त.

प्रत्येक सेवा केंद्राबाहेर, बँकेबाहेर, रेशन दुकानाबाहेर ठळक मराठीत फलक लावा: जिथे कायद्यानं पूर्ण क्रमांक लागत नाही तिथे झाकलेलं आधार घ्यावंच लागेल, आणि घेतलेली प्रत काम झाल्यावर नष्ट करावी लागेल. जो ऐकणार नाही त्याची तक्रार कुठे करायची, तो नंबरही खाली लिहा. आणि २७ मेची ती सूचना पुन्हा काढा. या वेळी मागे घेऊ नका.

हिंगोली जिल्ह्यातला एक आधारधारक