एका व्याधीची अनेक नावे

रोगाचे नाव ही केवळ वैद्यांच्या सोयीची खूण नव्हे. रुग्णास आपल्या व्याधीची पहिली ओळख नावावरूनच होते. आणि ते नाव दिशाभूल करणारे असेल, तर उपचारातही घोटाळा होतो. मल्टिपल स्क्लेरोसिस या विकाराच्या बाबतीत हा धोका विशेष जाणवतो.

या विकारात शरीराची रोगप्रतिकारक यंत्रणा मेंदू, मेरुरज्जू व डोळ्यांकडून येणारे मज्जातंतू यांवरील मायेलिनच्या आवरणावर हल्ला करते. आवरण नष्ट झाले की संदेशवहन मंदावते अथवा खुंटते. परिणामी कोणास एका डोळ्याने अंधुक दिसते, कोणाच्या पायास बधिरता येते, तर कोणाचा तोल जातो. अनेकांत ही लक्षणे काही काळ ओसरतात व पुन्हा उद्भवतात.

पॅरिस येथील शार्को यांनी १८६८ मध्ये या व्याधीचे स्वरूप स्पष्ट करून तिला ‘चकत्यांचे काठिण्य’ या अर्थाचे फ्रेंच नाव दिले. इंग्लंडमध्ये दीर्घकाळ ‘डिसेमिनेटेड स्क्लेरोसिस’, म्हणजे ‘विखुरलेले काठिण्य’, ही संज्ञा रूढ होती. विसाव्या शतकात ‘मल्टिपल स्क्लेरोसिस’ हे नाव इंग्रजीत स्थिरावले. ही सर्व नावे शवविच्छेदनात दिसणाऱ्या व्रणांवरून पडली आहेत. व्रण हा विकाराचा परिणाम होय, कारण नव्हे. म्हणून ‘काठिण्य’ असा शब्दशः अनुवाद केल्याने मराठी वाचकास विकाराचा बोध होत नाही.

चेन्नई हे भारतीय मज्जाविज्ञानाचे जुने केंद्र आहे. न्यूरॉलॉजिकल सोसायटी ऑफ इंडिया ही संस्था १९५१ मध्ये तेथेच स्थापन झाली. त्या नगरातील मराठी कुटुंबात एकाच विकाराची नावे तीन भाषांतून येऊ शकतात. रुग्णालयात इंग्रजी नाव असते. तमिळमध्ये ‘तण्डुवड मरप्पु नोय्’ असे एक नाव आहे. त्यातील ‘तण्डुवड’ म्हणजे मेरुरज्जू. ते ऐकणाऱ्यास मेंदू व दृष्टी यांचा संबंध कळणार नाही. घरी मात्र त्याच विकारास ‘अर्धांगवायू’ म्हटले जाण्याचा संभव असतो. वाताचा विकार म्हटला की शेक देण्याकडे आपला ओढा असतो. परंतु उष्णतेने या विकाराची लक्षणे तात्पुरती बळावतात. चेन्नईच्या उन्हाळ्यात ही गोष्ट क्षुल्लक नव्हे.

‘एमएस’ ही आद्याक्षरेही निर्दोष नाहीत. हृदयाच्या झडपेच्या मायट्रल स्टेनोसिस या विकारासही वैद्य हीच अक्षरे लिहितात. याहून गंभीर उदाहरण न्यूरोमायेलायटिस ऑप्टिका या विकाराचे आहे. तो प्रामुख्याने दृष्टी व मेरुरज्जू यांस ग्रासतो, आणि पूर्वी पुष्कळदा मल्टिपल स्क्लेरोसिसचाच प्रकार मानला जाई. २००४ मध्ये त्याचे विशिष्ट प्रतिपिंड आढळल्यावर तो निराळा ठरला. मल्टिपल स्क्लेरोसिसवर वापरले जाणारे इंटरफेरॉन बीटा या दुसऱ्या विकारात अपायकारक ठरू शकते. येथे नावातील चूक ही उपचारातील चूक होय.

परिभाषा संपूर्णपणे स्वभाषेतीलच असावी, असा आग्रह काही जण धरतात. त्यामागील स्वाभिमान आदरणीय आहे. परंतु कॅन्सर व पोलिओ हे शब्द मराठीने केव्हाच आपलेसे केले आहेत, आणि त्यामुळे भाषेची हानी झालेली नाही. रुग्णास राज्य, रुग्णालय अथवा वैद्य बदलावा लागला, तरी सर्वत्र ओळखले जाणारे नाव त्याच्या सोबत जाते. दिव्यांग व्यक्तींच्या हक्कांविषयीच्या २०१६ च्या अधिनियमातही मल्टिपल स्क्लेरोसिसचा नावानिशी समावेश असून, त्याच्या व्याख्येत मायेलिनच्या हानीचा स्पष्ट उल्लेख आहे. प्रमाणपत्रावरील नाव त्याच्याशी जुळावे, हे रुग्णाच्या हिताचे आहे.

तात्पर्य, हे नाव देवनागरीत वा तमिळ लिपीत संपूर्ण लिहावे, केवळ आद्याक्षरांवर विसंबू नये, आणि त्याच्याजवळ ‘मज्जातंतूंवरील आवरण नष्ट करणारा विकार’ असे एक सुबोध वाक्य द्यावे. स्वभाषेचे खरे कार्य नावाचा अनुवाद करण्यात नसून विकार समजावून देण्यात आहे.